कुतचा वेढा : खंदकांतील सैनिकजीवन

कुतचा वेढा : (७ डिसेंबर १९१५ – २९ एप्रिल १९१६). पहिल्या महायुद्धात मेसोपोटेमियातील (आजचा इराक) कुत-अल-अमारा येथे तुर्की फौजेने ब्रिटिश-हिंदी सैन्याला घातलेला वेढा. बगदादवरील चढाई तेसिफॉन येथे फसल्यावर मेजर जनरल चार्ल्स टाउनशेंड यांची सहावी (पुणे) डिव्हिजन मागे हटून कुतला थांबली. तिच्यात १०३, ११० व ११७ क्रमांकांच्या मराठा पलटणी होत्या.

खंदक : कुतला तीन बाजूंनी टायग्रिस नदीचा वेढा आहे. उरलेल्या उत्तर बाजूला शिपायांनी खंदकांच्या रांगा खणल्या. तुर्कही खंदक खणतच पुढे सरकले. दिवसा डोके वर काढणाऱ्यावर नेमबाजांची गोळी येई. त्यामुळे डागडुजी, शिधावाटप, जखमींना हलवणे ही कामे अंधारात उरकावी लागत. २४ डिसेंबरला बचावफळीतील किल्ल्यात घुसलेले तुर्क हातघाईच्या लढाईत परतवले गेले. त्यानंतर शत्रूने उपासमारीवर भिस्त ठेवली. जानेवारीतील पुराने दोन्हीकडचे पुढचे खंदक बुडाले.

उपासमार : शिधा संपत आला तेव्हा घोडे व खेचरे मारून मांस वाटले जाऊ लागले. बहुतेक हिंदी शिपायांनी ते दीर्घकाळ नाकारले. धर्माची आज्ञा होतीच, शिवाय गावी परतल्यावर जातीबाहेर टाकले जाण्याची धास्ती होती. हिंदुस्थानातील धर्मगुरूंची संमती मागवल्यावरच बरेचजण ते खाऊ लागले. भाजीपाल्याअभावी स्कर्व्ही पसरला : हिरड्या सुजून रक्त येई, जखमा भरत नसत. एप्रिलमध्ये माणशी पीठ दिवसाला चार-पाच औंसांवर, म्हणजे जेमतेम एक-दोन भाकऱ्यांवर आले. विमानांतून पोती टाकली गेली, पण ती पुरली नाहीत. वेढा फोडण्याच्या प्रयत्नांत मदतीच्या फौजेचे सुमारे २३,००० सैनिक मृत वा जखमी झाले.

शरणागती व बंदिवास : अखेर फौजेने शरणागती पत्करल्यावर सुमारे १३,००० जण कैद झाले. टाउनशेंड यांना इस्तंबूलजवळ सुखाने ठेवले गेले. शिपायांना मात्र वाळवंटातून पायी हाकलत नेऊन अनेकांना रस-अल-ऐनच्या रेल्वेकामाला जुंपले. हजारो वाटेत व छावण्यांत मेले. कुतचे शिपाई लढाईत हरले नव्हते. त्यांना रसदीच्या ढिसाळ नियोजनाने हरवले. मेसोपोटेमियातील मृतांसाठी उभारलेल्या बसऱ्याच्या स्मारकावर हिंदी अधिकाऱ्यांची नावे कोरली गेली, शिपायांची मात्र पलटणवार नुसती संख्या.