कोल्हापुरातला पोसायडन

ज्यांना भाग ऐकायला जमत नाही, लोकलमध्ये रेंज जाते, त्यांच्यासाठी नेहमीप्रमाणे हा लेखी अवतार. बोलताना जसं आलं तसंच बरंचसं ठेवलंय.

पोसायडन तुम्हाला माहीत आहे. पर्सी जॅक्सनचा बाप. 'गॉड ऑफ वॉर थ्री' खेळला असाल तर क्रेटोसने सुरुवातीलाच त्याची काय गत केली तेही आठवत असेल. ग्रीकांचा समुद्रदेव. आता प्रश्न असा, की त्याची जवळजवळ दोन हजार वर्षं जुनी मूर्ती बघायला अथेन्सचं तिकीट काढावं लागतं का? नाही. कोल्हापूरची एसटी पुरते.

कोल्हापुरात पंचगंगेच्या काठावर ब्रह्मपुरी नावाची टेकडी आहे. १९४५-४६ मध्ये डेक्कन कॉलेजचे ह. धी. सांकलिया आणि मो. गं. दीक्षित यांनी तिथे उत्खनन केलं. तळाशी सातवाहन काळातलं विटांचं शहर निघालं. त्याच सुमारास याच टेकडीवर कांस्याच्या वस्तूंचा मोठा साठा मिळाला. त्यात हत्तीवर बसलेले स्वार आहेत, ते अस्सल इकडचे. पण काही वस्तू सरळ सरळ परदेशी होत्या. आणि त्यातच हा, दाढीवाला, उघडाबंब, वीतभरही उंच नसलेला पोसायडन. इसवी सनाच्या पहिल्या-दुसऱ्या शतकातला, रोमन साम्राज्यातून आलेला. मूळ घडण ग्रीक शिल्पकार लिसिपसच्या परंपरेतली, म्हणजे कुठल्यातरी गाजलेल्या मोठ्या पुतळ्याची ही पॉकेट साइज आवृत्ती.

इथे माझी पहिली अडचण. कोल्हापूर आणि समुद्र? मधे अख्खा सह्याद्री आहे!

तर थोडं मागे जाऊ. त्या काळात इजिप्तमधली, लाल समुद्रावरची जहाजं जुलैच्या सुमारास सुटायची. नैर्ऋत्य मोसमी वारा, म्हणजे आपला पावसाळा, त्यांना ढकलत भारताच्या किनाऱ्यावर आणायचा. परत जायचं ते हिवाळ्यात, उलट्या वाऱ्यावर. पहिल्या शतकात एका ग्रीक बोलणाऱ्या व्यापाऱ्याने या धंद्याचं गाइडबुकच लिहून ठेवलंय, 'पेरिप्लस'. त्यात कल्लिएना आहे, म्हणजे आपलं कल्याण. सेमुल्ला आहे, म्हणजे चौल. आपलं पनवेल बरोबर या दोघांच्या मधे! त्यात असंही लिहिलंय की कल्याणला चुकून आलेली ग्रीक जहाजं पहाऱ्यात भडोचला नेली जातात. राजकारण तेव्हाही होतंच. बंदरावर उतरलेला माल मग बैलांवर लादून घाट चढायचा.

म्हणजे मूर्ती आली कशी हे कळतं. गोष्ट आली का, हा खरा प्रश्न.

कारण पोसायडनची गोष्ट साधी नाही. तीन भावांनी चिठ्ठ्या टाकून जग वाटून घेतलं. झ्यूसला आकाश, हेडीसला पाताळ आणि याला समुद्र. हा चिडका. त्रिशूळ आपटला की भूकंप. अथेन्स शहर कुणाचं यावरून अथीनाशी भांडला आणि हरला. ओडिसियसने याच्या पोराचा, त्या एकडोळ्या पॉलिफीमसचा डोळा फोडला, तर याने ट्रॉयहून घरी निघालेल्या त्या माणसाला वर्षानुवर्षं समुद्रात फिरवलं. खलाशी त्याची पूजा प्रेमाने कमी आणि धास्तीने जास्त करत असणार. जुलैतला अरबी समुद्र ज्याने किनाऱ्यावरून का होईना पाहिलाय, त्याला हे सांगायला नको.

कोल्हापुरात ज्याने ही मूर्ती घेतली, त्याला यातलं किती ठाऊक होतं? माझा अंदाज, फारसं काहीच नाही. घाटावरच्या माणसाला समुद्राची भीती विकता येत नाही. त्याने एक सुबक, महागडी, फॉरेनची वस्तू घेतली. कोडिंगच्या भाषेत, फाइल आली, रीडमी आली नाही.

मग गोष्टी सांगणारे ग्रीक इकडे आलेच नाहीत का? आले की! आणि ही गंमत आपल्या अगदी जवळची आहे. कोन, पनवेल पट्ट्यातली आगरी-कोळी मंडळी चैत्रात पालख्या घेऊन कार्ल्याला एकवीरा आईला जातात. दर्शनाच्या रांगेत उभं राहून सेल्फी काढताना मागे जी भव्य लेणी दिसते ना, त्या चैत्याच्या खांबांवर ब्राह्मी लिपीत दान देणाऱ्यांची नावं कोरलीत. त्यातले कित्येक जण स्वतःला धेनुकाकटचे 'यवन' म्हणवतात. यवन हा शब्द आयोनियावरून आलेला, मूळ अर्थ ग्रीक. पुढे तो पश्चिमेकडच्या कुठल्याही परक्यासाठी वापरला गेला, त्यामुळे यातला प्रत्येक जण रक्ताने ग्रीक होता असं मी म्हणणार नाही. पण नावं बघा. सिहधय. धम्म. एकही अलेक्झांडर नाही, एकही दिमित्री नाही.

नाशिकच्या पांडवलेणीतला तर आणखी भारी. सतरा नंबरच्या लेणीत लेख आहे: उत्तरेकडच्या दत्तामित्रीचा योनक, धम्मदेवाचा मुलगा इंद्राग्निदत्त. दत्तामित्री हे नाव बहुधा डिमीट्रियस या ग्रीक राजावरून पडलेलं. याने आईवडिलांच्या नावे लेणी खोदवली, पाण्याची टाकी खोदवली आणि आपल्या मुलाचं नावही जोडलं, धम्मरक्षित. आजोबा, बाप, नातू, तिघांचीही नावं इकडची. 'यवन' हा शब्द मात्र त्याने पुसला नाही. आपण कोण हे दगडात लिहून ठेवलं आणि देव मात्र इथला घेतला.

म्हणजे बघा, घाटावर पोहोचलेल्या देवाला त्याची गोष्ट सांगणारं कुणी नव्हतं. आणि ज्यांना ती गोष्ट ठाऊक असण्याची शक्यता होती, ते शेजारच्याच डोंगरात बुद्धासाठी खांब उभे करत होते. 'ग्रीक संस्कृतीचा भारतावर प्रभाव' अशी हेडिंगं वाचली की मला म्हणूनच थोडं हसू येतं. इथे तरी प्रभाव उलट्या दिशेने जास्त दिसतो.

उलट्या दिशेवरून आठवलं. १९३८ मध्ये इटलीतल्या पाँपेई शहरात, ७९ साली व्हेसुव्हियसच्या राखेत गाडल्या गेलेल्या एका घरात, एक भारतीय हस्तिदंती बाई सापडली. दागिन्यांनी लगडलेली, दोन बाजूंना दोन दासी. पुढे जालना जिल्ह्यात भोकरदनच्या उत्खननात तिच्याशी मिळतीजुळती हस्तिदंती मूर्ती निघाली, तीही अर्धीच. पाँपेईवाल्यांनी तिला लक्ष्मी म्हटलं, आज बरेच अभ्यासक यक्षी म्हणतात. तिच्या मालकाने तिला काय हाक मारली असेल? व्हीनस म्हणाला असेल का? तिचीही रीडमी इकडेच राहिली.

पोसायडन सध्या कोल्हापूरच्या टाउन हॉल म्युझियममध्ये असतो. अंबाबाईच्या दर्शनाला गेलात तर तिथून फार लांब नाही. फक्त मोठ्या पुतळ्याची अपेक्षा ठेवून जाऊ नका, नजर खाली ठेवा, नाहीतर चुकेल. आणि कार्ल्याला गेलात तर खांबांवरची अक्षरं बघा, पण हात लावू नका प्लीज. पुढच्या भागात चौल.