उत्तम कांबळे : वार्ता आणि इतिहाससाधन

मुंबई इलाख्यात १९३४ साली देवदासी-संरक्षणाचा कायदा झाला. प्रथा मात्र नष्ट झाली नाही. कायद्याच्या दप्तरावरून मनाई कळते, मनाईनंतरचे समाजजीवन कळत नाही. ही उणीव उत्तम कांबळे यांच्या 'देवदासी आणि नग्नपूजा' या ग्रंथाने काही अंशी भरून निघते. विद्यार्थिदशेत वृत्तपत्रे विकणाऱ्या कांबळे यांनी पुढे नाशिक येथे 'सकाळ'चे संपादकपद सांभाळले. 'वाट तुडवताना' या आत्मकथनात त्यांनी स्वतःच्या दारिद्र्याचीही नोंद केली. २०१० च्या ठाणे साहित्य संमेलनाचे ते अध्यक्ष होते. वार्ता रद्दीत जाते, ग्रंथ उरतो. म्हणून वार्ताहराची साक्ष शासकीय कागदांशी ताडून पाहणे, हे सामाजिक इतिहासाच्या अभ्यासकाचे कर्तव्य ठरते.