पटवर्धन, आनंद

(१८ फेब्रुवारी १९५०). भारतीय माहितीपटकार. जन्म मुंबईत. स्वातंत्र्यसैनिक अच्युतराव व रावसाहेब पटवर्धन हे त्यांचे काका. आई निर्मला पटवर्धन नामवंत मृत्तिकाशिल्पकार. मुंबई विद्यापीठाची पदवी घेऊन त्यांनी अमेरिकेतील ब्रँडाइस विद्यापीठात समाजशास्त्राचा अभ्यास केला. सीझर चावेझ यांच्या शेतमजूर संघटनेतही त्यांनी स्वयंसेवक म्हणून काम केले.

‘राम के नाम’मुळे (१९९२) धर्म आणि राजकारणावर चित्रपट करणारा दिग्दर्शक अशी त्यांची ओळख रूढ झाली. त्यापायी कष्टकऱ्यांवरच्या त्यांच्या माहितीपटांची चर्चा मागे पडली, हे खटकते. जिम मनरो यांच्यासह केलेला ‘अ टाइम टू राइज’ (१९८१) कॅनडातील ब्रिटिश कोलंबियात राबणाऱ्या, मुख्यतः पंजाबी आणि चिनी शेतमजुरांचा आहे. तिथे मजूर आणि मालक यांच्यामध्ये ठेकेदार होता. त्याच्याविरुद्ध उभ्या राहिलेल्या संघटनेची घडण यात दिसते.

‘हमारा शहर’ (१९८५) हे कष्टकऱ्यांवरचे त्यांचे सर्वांत मोलाचे काम. महापालिकेचा हातोडा झोपड्यांवर पडतो आणि दुसरीकडे सुस्थितीतले नागरिक शहराच्या सौंदर्याची चिंता वाहतात. ज्यांच्या श्रमावर मुंबई चालते, त्यांनाच राहायला जागा नाही, हा त्याचा गाभा. घर पाडले गेलेली एक बाई थेट कॅमेऱ्यासमोर चित्रपट काढणाऱ्यांनाच फैलावर घेते : गरिबांची चित्रे घेऊन तुम्ही नाव कमावणार, आमच्या पदरात काय पडणार? पटवर्धनांनी हा प्रसंग कापला नाही. माहितीपटाचा प्रामाणिकपणा इथे कळतो. या चित्रपटाला राष्ट्रीय पुरस्कार मिळाला.

त्यात गाणारे शाहीर विलास घोगरे यांनी जुलै १९९७ मध्ये, घाटकोपरच्या रमाबाई नगरात पोलीस गोळीबारात दहा जण मारले गेल्यानंतर काही दिवसांत आत्महत्या केली. ‘जय भीम कॉम्रेड’ची (२०११) सुरुवात तिथून होते, तो पूर्ण व्हायला चौदा वर्षे लागली.

‘ऑक्युपेशन : मिल वर्कर’ (१९९६) अवघा २२ मिनिटांचा. कापडगिरणी कामगारांच्या १९८२च्या संपाने मुंबईचे गिरणगाव मोडले, पुढे गिरण्यांच्या जमिनींना सोन्याचा भाव आला. टाळेबंदीत अडकलेल्या न्यू ग्रेट ईस्टर्न मिलमध्ये कामगार स्वतःच शिरले आणि त्यांनी तिचा ताबा घेतला, त्याचे हे चित्रण. ‘फिशिंग : इन द सी ऑफ ग्रीड’ (१९९८) यांत्रिक मासेमारीविरुद्ध लढणाऱ्या मच्छीमारांवर आहे.

दूरदर्शनवर आपले चित्रपट दाखवले जावेत म्हणून पटवर्धनांना वेळोवेळी न्यायालयात जावे लागले.

कष्टकऱ्यांवरचे हे चित्रपट आजही उपयोगी आहेत. ‘अ टाइम टू राइज’मधल्यासारखाच ठेकेदार आपल्याकडच्या ऊसतोडीतही असतो : बीड जिल्ह्यातून दरवर्षी हजारो जोडपी मुकादमाकडून उचल (आगाऊ रक्कम) घेऊन ऊसतोडीला जातात. नवरा-बायको मिळून तिथे ‘एक कोयता’ धरला जातो. या स्थलांतरावर कॅमेरा रोखू पाहणाऱ्या तरुणांनी ‘हमारा शहर’ आधी जरूर पाहावा.