पाणिनी, बॅकस आणि साताऱ्याचे अभ्यंकर

‘प्रोग्रामिंग लँग्वेज पाणिनीवरून घेतल्या’ हे वाक्य सेमिनारमध्ये हमखास ऐकू येतं. संशोधनाला लागणार असाल तर ते एकदा तपासून बघाच, कारण त्यात थोडं खरंही आहे.

आधी तारखा बघू. 1957 मध्ये आयबीएमची फोर्ट्रान आली, जॉन बॅकसच्या टीमने केलेली. 1959 मध्ये पॅरिसच्या परिषदेत बॅकसने अल्गोल या नव्या भाषेची वाक्यरचना नियमांच्या रूपात मांडली. 1960 च्या अल्गोल अहवालात पीटर नाउरने ती पद्धत सुधारून वापरली. हीच बीएनएफ. सातारा-सांगलीच्या इंजिनिअरिंग कॉलेजांत कंपायलर शिकताना आजही ती भेटते. पुढे 1967 मध्ये पी. झेड. इंगरमनने एका संगणकविषयक नियतकालिकाला पत्र लिहिलं: अशी पद्धत पाणिनीने फार पूर्वीच वापरली आहे, तेव्हा तिला ‘पाणिनी-बॅकस फॉर्म’ म्हणा.

आता हे पत्र काय सिद्ध करतं? साम्य कुणाच्या तरी लक्षात आलं, एवढंच. उसनवारी सिद्ध होत नाही. बॅकसने स्वतः श्रेय दिलं ते एमिल पोस्ट या तर्कशास्त्रज्ञाला.

बरं, साम्यही पुरतं नाही. ‘इति’ आणि ‘आदि’ मिळून ‘इत्यादि’ होतं, कारण ‘इ’च्या पुढे वेगळा स्वर आला. म्हणजे पाणिनीचा नियम शेजारी कोण आहे ते बघतो. बीएनएफचा नियम शेजाऱ्याकडे बघतच नाही.

खरी गंमत दुसरीकडे आहे. 19 व्या शतकात भास्करशास्त्री अभ्यंकर साताऱ्यात व्याकरण शिकवत. नागेशभट्टाच्या ‘परिभाषेन्दुशेखर’वर त्यांनी टीका लिहिली. परिभाषा म्हणजे नियम कसे लावायचे याचे नियम. एकाच जागी दोन सूत्रं लागू झाली, तर कुठलं चालवायचं? कंपायलर लिहिणाऱ्यांपुढेही असाच पेच आला. दोन ‘इफ’नंतर एकच ‘एल्स’ आला, तर तो कुणाचा? सी भाषेने ठरवलं, जवळच्या ‘इफ’चा. ही एक परिभाषाच झाली! कुणी कुणाकडून काही न घेताही सारखी अडचण सारख्या उपायाकडे नेते.

भास्करशास्त्रींचे नातू वासुदेवशास्त्री पुण्यात फर्ग्युसन कॉलेजात शिकवत. वासुदेवशास्त्रींचे चिरंजीव का. वा. अभ्यंकर यांचा संस्कृत व्याकरणाचा इंग्रजी कोश 1961 मध्ये बडोद्याहून निघाला. 1960 चा अहवाल, 1961 चा कोश, 1967 चं पत्र. तारखा अशा ओळीत आल्या की धागा ओवायचा मोह होतो. तो आवरा. ‘प्रभाव’ म्हणायचा तर कुणी काय वाचलं याचा कागद हातात लागतो. तोवर प्रबंधात ‘साम्य’ लिहा, आणि ते कुठे संपतं तेही लिहा.