साठेखत कोर्टात कसे टिकते?

इसार दिला, साठेखतावर सह्या-अंगठे झाले, की आपली माणसं म्हणतात, ‘घर आपलं झालं.’ कायदा तसं म्हणत नाही. १८८२ च्या मालमत्ता हस्तांतरण कायद्यात साठेखत हा निव्वळ विक्रीचा करार आहे; मालकी मिळते ती नोंदणीकृत खरेदीखताने. सर्वोच्च न्यायालयाने २०११ साली हेच पुन्हा बजावले.

आणि तो करारही शाबीत करावा लागतो. जो दावा सांगतो त्यानेच पुरावा द्यावा, हा दंडक १८७२ च्या पुरावा कायद्याने घातला. १ जुलै २०२४ पासून त्याच्या जागी भारतीय साक्ष्य अधिनियम आला, तरी दंडक तोच आहे. समोरचा ‘सही माझी नाही’ म्हणाला, तर नुसता कागद दाखवून भागत नाही. सही होताना हजर असलेला साक्षीदार, अक्षर ओळखणारा माणूस, पैशाची पावती, हे सारं लागतं. उरलेली रक्कम द्यायची आपली तयारी होती, हेही दाखवावं लागतं.

१९६३ च्या मुदत कायद्याप्रमाणे दाव्याची मुदत तीन वर्षे: ठरल्या तारखेपासून, तारीख नसेल तर नकार कळल्यापासून.

आपल्या वडीलधाऱ्यांनी शब्दावर व्यवहार केले. ते साक्षीदार एकेक करून चालले आहेत. ते हयात आहेत तोवरच खरेदीखत नोंदवून घ्या.