मोलकरणीच्या भूमिका करत ब्राझीलच्या पडद्यावर कृष्णवर्णीय अभिनेत्रींची वाट तयार करणारी रूथ डी सूझा

ब्राझीलच्या जुन्या सिनेमाचं नाव निघालं की बहुतेकांना डोक्यावर फळांची टोपी घातलेली कार्मेन मिरांडा आठवते. पण त्याच सिनेमात आणखी एक अभिनेत्री होती. तिला नायिकेची भूमिका क्वचितच मिळाली, तरी ब्राझीलच्या अभिनयाचा इतिहास तिच्याशिवाय पूर्ण होत नाही. तिचं नाव रूथ डी सूझा. आडनाव ओळखीचं वाटलं ना? गोव्यात आणि वसईत आपण ज्याला 'डिसोझा' म्हणतो, तेच हे पोर्तुगीज आडनाव.

धोबिणीची मुलगी

रूथचा जन्म 12 मे 1921 चा, रिओ दि जानेरो शहरातला. बालपणीची काही वर्षं मिनास जेराइस राज्यातल्या खेड्यात गेली. वडील वारल्यावर आई मुलांना घेऊन रिओला परतली आणि लोकांचे कपडे धुऊन घर चालवू लागली. रूथला सिनेमाचं वेड लहानपणीच लागलं. पण ब्राझीलमध्ये गुलामगिरी कायद्याने संपली होती ती 1888 साली, म्हणजे तिच्या जन्माच्या जेमतेम 33 वर्षं आधी. काळ्या मुलीने अभिनेत्री व्हायचं म्हटलं की लोक हसायचे.

1945 ची ती रात्र

1944 मध्ये अब्दियास दो नासिमेंतो यांनी रिओमध्ये कृष्णवर्णीयांची प्रायोगिक नाट्यसंस्था सुरू केली. तोवर रंगभूमीवर काळ्या पात्राची महत्त्वाची भूमिका असली, तर गोरा नट तोंडाला काळं फासून ती करायचा. या संस्थेत घरकाम करणाऱ्या बाया आणि मजूरही होते. त्यांच्यासाठी साक्षरतेचे वर्गही चालायचे. रूथ तिथे दाखल झाली.

8 मे 1945 ला, म्हणजे युरोपातलं महायुद्ध संपलं त्याच दिवशी, संस्थेने युजीन ओनील यांचं 'एम्परर जोन्स' हे नाटक रिओच्या म्युनिसिपल थिएटरात केलं. ओनील यांनी त्यासाठी मानधन घेतलं नव्हतं. रूथची भूमिका छोटी होती, पण त्या प्रतिष्ठित रंगमंचावर अभिनय करणारी पहिली कृष्णवर्णीय अभिनेत्री म्हणून तिची नोंद झाली.

सिनेमात प्रवेश

1948 मध्ये 'तेरा व्हायोलेंता' या चित्रपटातून ती पडद्यावर आली. जॉर्ज अमादो यांच्या कादंबरीवरचा हा चित्रपट अटलांटिडा कंपनीचा होता. ही कंपनी गाणी, विनोद आणि कार्निव्हलचा मसाला असलेल्या 'शांशादा' चित्रपटांसाठी प्रसिद्ध होती. पुढच्याच वर्षी 'तांबेम सोमोस इर्माओस' या वर्णभेदावरच्या चित्रपटात ती दिसली.

त्यानंतर रॉकफेलर फाउंडेशनच्या शिष्यवृत्तीवर ती अमेरिकेत नाट्यशिक्षण घेऊन आली. साओ पावलो भागातल्या व्हेरा क्रूझ स्टुडिओने तिला घेतलं. तिथल्या 'सिन्या मोसा' (1953) मध्ये तिने साबिना ही गुलाम स्त्री साकारली. चित्रपटाची नायिका जमीनदाराची गोरी मुलगी होती, पण लक्षात राहिली साबिना. व्हेनिस महोत्सवात सर्वोत्तम अभिनेत्रीच्या पुरस्कारासाठी रूथच्या नावाचा विचार झाला. पुरस्कार मिळाला नाही, तरी तिचं नाव देशाबाहेर पोचलं.

मग नायिका का नाही?

कारण पटकथाच तशा लिहिल्या जात. काळ्या स्त्रीसाठी त्यात दोनच जागा असायच्या, गुलाम किंवा मोलकरीण. भूमिका नाकारली तर काम नाही, स्वीकारली तर पुन्हा तोच साचा. रूथने भूमिका स्वीकारल्या, पण मोजक्या प्रसंगांतही त्या पात्राला स्वतःचं दुःख आणि स्वाभिमान दिला. माझारोपी या लोकप्रिय विनोदी नटाचा 'कांदिन्यो' (1954) असो की गाजलेला 'ट्रेन लूट' चित्रपट 'ओ आसाल्तो आओ ट्रेम पागादोर' (1962), ती कामं करत राहिली.

1969 मध्ये टीव्ही ग्लोबोच्या 'आ काबाना दो पाय तोमास' या मालिकेत तिला प्रमुख भूमिका मिळाली. ग्लोबोच्या मालिकेत असं स्थान मिळवणारी ती पहिली कृष्णवर्णीय अभिनेत्री ठरली. पण तिच्या नवऱ्याची, म्हणजे टॉमकाकाची भूमिका केली तोंड काळं केलेल्या एका गोऱ्या नटाने. म्युनिसिपल थिएटरच्या त्या रात्रीला तेव्हा 24 वर्षं झाली होती.

उशिरा आलेला सन्मान

2004 मध्ये 'फिल्यास दो व्हेंतो' या चित्रपटासाठी ग्रामादो महोत्सवात तिला सर्वोत्तम अभिनेत्रीचा पुरस्कार मिळाला, लेया गार्सिया या तिच्याच नाट्यसंस्थेतून आलेल्या अभिनेत्रीसोबत विभागून. तेव्हा रूथ 83 वर्षांची होती. 2019 च्या रिओ कार्निव्हलमध्ये सांता क्रूझच्या सांबा स्कूलने आपली पूर्ण मिरवणूक तिच्या आयुष्यावर बेतली. त्याच वर्षी 28 जुलैला, वयाच्या 98 व्या वर्षी तिचं निधन झालं.