बुधवारवाड्याची आग

शिरढोण आमच्या पनवेलपासून जवळच. वासुदेव बळवंत फडक्यांचे हे जन्मगाव. वर्गात त्यांची गोष्ट सांगताना पुण्यातल्या आगीपाशी आलो, की मुले हमखास टाळ्या वाजवितात. आणि मला त्यांचा हिरमोड करावा लागतो.

१८७९ च्या मे महिन्यात फडक्यांचे साथीदार दौलतराव नाईक यांनी येथल्या पळस्प्यावर दरोडा घातला. त्याच सुमारास फडक्यांचा जाहीरनामा निघाला : रयतेला काम द्या, कर कमी करा, नाही तर गोऱ्यांवर हल्ले होतील! तेव्हा रेडिओ नव्हता. जाहीरनामा भिंतीवर लागे, पुढचे काम लोकांची तोंडे करीत. १३ मे रोजी पुण्यात बुधवारवाडा जळाला. ‘फडक्यांनीच जाळला!’ लोक अभिमानाने म्हणाले, साहेब भयाने म्हणाला. साहेबाला तर त्यात पुण्याच्या साऱ्या ब्राह्मणांचा कट दिसला. महादेव गोविंद रानड्यांची धुळ्यास बदली झाली. बंडवाल्यांच्या नावाची पत्रे त्यांना टपालाने येत. ती ते सरळ पोलिसांकडे धाडीत.

पुढे कोर्टात निराळेच निघाले. सरकारी पुस्तकांच्या डेपोतील एका कारकुनाने पैशांची अफरातफर झाकण्यासाठी ती आग लावली होती!

फडके जुलैत पकडले गेले आणि १७ फेब्रुवारी १८८३ रोजी एडनच्या तुरुंगात वारले. मुलांना मी एवढेच सांगतो, की बाळांनो, या पुरुषाचे शौर्य फार मोठे आहे. त्याला उसन्या आगीची गरज नाही.